वाळूत उगवणारे मासे

हिंदी महासागरातील मालदीव बेटांजवळ तुम्ही पाण्याखाली उतरला आहात अशी कल्पना करा. पाठीवर हवेची नळकांडी आहे, तोंडावर काचेचा मुखवटा आहे. प्रवाळांची रंगीबेरंगी वस्ती मागे पडली आणि पुढे उतारावर पांढरी वाळू लागली. खोली असेल पंधरा-वीस मीटर. या उघड्याबोडक्या वाळूवर पाहण्यासारखे काय असणार, असे तुमच्या मनात येते. तेवढ्यात दूरवर एक कुरण दिसते. बोटाएवढ्या जाडीची शेकडो रोपे वाळूतून वर आली आहेत. सगळ्यांचे शेंडे एकाच दिशेला वाकलेले आहेत आणि वाऱ्यावर गवत डोलावे तशी ती हळूहळू डोलत आहेत.

तुम्ही जवळ जाऊ लागता. कुरणाची अलीकडची कड खाली बसते. आणखी दोन हात पुढे जाता, तर रोपांची आणखी एक रांग वाळूत बुडते. कुरणाच्या मध्यापर्यंत पोहोचता तेव्हा तेथे एकही रोप नसते, फक्त वाळू असते. मागे वळून पाहावे, तर जी जागा तुम्ही ओलांडून आलात तेथे रोपे पुन्हा डोके वर काढू लागलेली असतात!

ही रोपे नव्हेत. हे मासे आहेत. इंग्रजीत त्यांना 'गार्डन ईल', म्हणजे बागेतले वाम, असे नाव पडले आहे. त्यांच्यापैकी ठिपक्यांच्या गार्डन ईलची आज आपण ओळख करून घेऊ. हा मासा जगतो कसा, हा एक प्रश्न. आणि पाहायला गेले की जो नाहीसा होतो त्याच्याविषयी शास्त्रज्ञांना माहिती मिळाली तरी कशी, हा दुसरा. दुसरा प्रश्न पहिल्याइतकाच महत्त्वाचा आहे.

नाव आणि गाव

कोकणच्या मासळीबाजारात तुम्ही वाम पाहिला असेल. लांबट, सापासारखा, खवले नसलेला हा मासा खवय्यांना चांगला ठाऊक असतो. आपला गार्डन ईल त्याचा दूरचा भाऊबंद. मात्र तो बाजारात येत नाही. त्याची लांबी फार तर ४० सें.मी. आणि जाडी दीड सें.मी.च्या आत. अंग पांढरट असून त्यावर असंख्य बारीक काळे ठिपके असतात. शिवाय ठळक असे मोठे काळे डागही असतात. पहिला डाग कल्ल्याच्या छिद्रापाशी, दुसरा शरीराच्या मध्याकडे आणि तिसरा गुदद्वाराभोवती. हा तिसरा डाग बहुधा बिळात दडलेला असल्यामुळे पाणबुड्यांना दिसत नाही.

डोके लहान, डोळे मोठे आणि तोंड आखूड, वर वळलेले. जपानी लोकांना हा चेहरा त्यांच्याकडील 'चिन' नावाच्या चपट्या तोंडाच्या छोट्या कुत्र्यासारखा वाटला. म्हणून जपानीत या माशाला 'चिन-अनागो' म्हणतात. 'अनागो' म्हणजे वाम.

शास्त्रीय नाव 'हेटरोकाँगर हासी'. यातील 'हेटरोकाँगर' हे प्रजातीचे नाव डच शास्त्रज्ञ ब्लीकर यांनी १८६८ साली दिले. त्यांच्यापुढे होता आजच्या इंडोनेशियाच्या समुद्रातील, याच गटातील एक वेगळा मासा. पण पकडून बाटलीत ठेवलेल्या माशावरून त्याचे दात मोजता येतात, पर मोजता येतात. तो कुरणासारखा वाळूत उभा राहतो आणि माणूस दिसताच बुडी मारतो, हे बाटली पाहून कधीच कळणार नाही. त्यासाठी माशाच्या घरी जायला हवे.

ते विसाव्या शतकात शक्य झाले. ऑस्ट्रियाचे पाणबुडे संशोधक हान्स हास यांचे 'झारिफा' हे जहाज १९५७-५८ साली हिंदी महासागरात आले होते. त्या सफरीत प्राणिवर्तनाचे अभ्यासक आयब्ल-आयबेसफेल्ड हेही होते. फ्रँकफुर्टच्या संग्रहालयातील मत्स्यशास्त्रज्ञ क्लाउजेविट्झ यांच्यासह त्यांनी १९५९ साली मालदीव आणि आपल्या निकोबार बेटांजवळील या नव्या माशांचे वर्णन प्रसिद्ध केले. आपल्या माशाला त्यांनी जहाजावरून आणि हास यांच्यावरून 'झारिफानिया हासी' असे नाव दिले. पुढे तो हेटरोकाँगर प्रजातीतलाच आहे असे ठरले. जहाजाचे नाव गेले, हास यांचे राहिले.

तांबडा समुद्र आणि आफ्रिकेचा पूर्व किनारा येथपासून पॅसिफिक महासागरातील बेटांपर्यंत उष्ण कटिबंधात हा मासा सापडतो. जागा मात्र ठरलेली. जवळ प्रवाळ असावेत, तळाशी वाळू असावी आणि पाण्याला ओढ असावी.

शेपटीने खणलेले घर

वाळूत बीळ करणारे प्राणी बहुधा डोक्याने, नाहीतर पायांनी खणतात. गार्डन ईल शेपटीने खणतो. त्याच्या शेपटीचे टोक टणक आणि टोकदार असते. हे टोक वाळूत रोवून, शरीराला नागमोडी हिसके देत तो मागे मागे आत शिरतो. छातीजवळचे पर अगदीच नाममात्र असतात. बिळात राहणाऱ्याला मोठ्या परांची अडचणच व्हायची.

पण तुम्ही समुद्रकिनारी ओल्या वाळूत खड्डा करून पाहिला असेल. बाजूची वाळू लगेच ढासळते. मग माशाचे बीळ का ढासळत नाही? त्याच्या शेपटीकडील त्वचेतून चिकट स्राव पाझरतो. या स्रावाने वाळूचे कण एकमेकांना चिकटतात आणि बिळाच्या आतल्या बाजूला जणू गिलावा होतो. या गुळगुळीत नळीत मासा क्षणात खाली सरकू शकतो आणि तितक्याच सहज वर येऊ शकतो. जर्मन भाषेत या माशांना 'नळीतले वाम' म्हणतात ते यामुळेच.

प्रत्येकाचे बीळ स्वतंत्र असते. वस्ती कधी काही डझनांची, तर कधी शेकडोंची. मात्र दोन शेजाऱ्यांमध्ये ठराविक अंतर राखलेले असते. रात्री सगळे बिळात जातात आणि दिवस उजाडला की पुन्हा कुरण उगवते. बीळ पुरते सोडून हा मासा सहसा बाहेर पडत नाही.

जेवण दारात येते

आता हिशेबाचा भाग. जो मासा घर सोडत नाही, त्याचे पोट कसे भरते?

समुद्राच्या पाण्यात अतिशय लहान प्राणी तरंगत असतात. त्यांना प्राणिप्लवक म्हणतात. प्रवाहाबरोबर ते वाहत येतात. गार्डन ईल प्रवाहाकडे तोंड करून उभा राहतो आणि जवळून जाणारे प्लवक एकेक करून टिपतो. सगळ्या कुरणाचे शेंडे एकाच दिशेला का वळलेले होते, त्याचे उत्तर येथे मिळते. प्रवाहाची दिशा बदलली की कुरणही वळते.

समजा, माशाला १०० चौरस सें.मी. आकाराच्या चौकटीतून जाणारे प्लवक टिपता येतात आणि दर लिटर पाण्यात एक प्लवक आहे. (हे आकडे केवळ उदाहरणासाठी घेतले आहेत.) प्रवाहाचा वेग सेकंदाला १० सें.मी. असेल, तर चौकटीतून दर सेकंदाला १०० × १० = १००० घन सें.मी., म्हणजे एक लिटर पाणी जाईल. त्याबरोबर एक प्लवक येईल. वेग २० सें.मी. झाला तर दोन प्लवक येतील. वेग दुप्पट, अन्न दुप्पट.

मग प्रवाह जितका जोराचा तितके चांगले, असे म्हणावे का? थांबा. वाहत्या ओढ्यात काठी उभी धरून पाहा. पाणी तिला ढकलते. हा जोर वेगाच्या वर्गाच्या प्रमाणात वाढतो. वेग दुप्पट झाला की जोर चौपट होतो. वेग अडीचपट झाला, तर अन्न अडीचपट, पण जोर सव्वासहापट! उभे राहण्यासाठी लागणारे श्रम अन्नापेक्षा झपाट्याने वाढत जातात. तेव्हा कोठेतरी हा व्यवहार तोट्यात जाणार.

तो कोठे जातो, हे जपानमधील ओकिनावाच्या विज्ञान व तंत्रज्ञान संस्थेतील कोटा इशिकावा आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी तपासले. त्यांचा निबंध २०२२ साली प्रसिद्ध झाला. त्यांनी वाळूचा तळ असलेला एक मोठा कालवा तयार केला. त्यात पाण्याचा वेग आणि प्लवकांचे प्रमाण ही दोन्ही हवी तशी बदलता येत होती. त्या वाळूत ठिपक्यांच्या गार्डन ईलनी आपापली बिळे केली. मग कॅमेऱ्यांनी चित्रे घेऊन त्यांच्या शरीराची प्रत्येक हालचाल संगणकाकडून मोजण्यात आली. माशाच्या अंगावर कसलीही खूण चिकटवावी लागली नाही.

निष्कर्ष असा. प्लवक वाढवले, की माशांचे टिपणेही त्याच प्रमाणात वाढत गेले. वेगाचे मात्र तसे झाले नाही. सेकंदाला २५ सें.मी. वेगाला टिपणे उलट कमी झाले. २५ सें.मी. म्हणजे ताशी एक किलोमीटरहूनही कमी. तुम्ही रमतगमत शाळेत जाता तो वेगही याहून जास्त असतो. पण आधाराशिवाय उभ्या राहणाऱ्या या बारीक माशाला तेवढा पुरे होतो.

येथे एक गंमत आहे. मासे थकले म्हणून टिपणे कमी झाले नव्हते. सावजावर झेप घेण्याचा त्यांचा वेग तितकाच होता. बदलली होती त्यांची उभे राहण्याची रीत. मासे बिळात अधिक खाली सरकले होते. शरीराचा जेवढा भाग बाहेर, तेवढाच पाण्याचा जोर त्याच्यावर. शिवाय तळालगत पाण्याचा वेग कमी असतो. अन्न थोडे कमी मिळाले तरी चालेल, पण श्रम वाढू द्यायचे नाहीत, असा हा व्यवहार आहे. कपारी नाहीत, दगड नाहीत, अशा उघड्या वाळूवर इतर माशांना राहणे अवघड जाते. तेथे हा मासा सुखाने राहतो, कारण आडोसा तो स्वतः तयार करतो आणि गरजेनुसार त्यातून किती बाहेर यायचे हे ठरवतो.

शेजारी, संसार आणि काचेची पिल्ले

घर न सोडता संसार कसा होतो? नर आणि मादी यांची बिळे जवळजवळ असतात. विणीच्या वेळी दोघेही शरीर लांबवून एकमेकांना वेढे घालतात. शेपट्या मात्र आपापल्या बिळातच राहतात. फलित अंडी पाण्यात सोडली जातात आणि प्रवाहाबरोबर दूर निघून जातात.

अंड्यातून बाहेर पडणारा डिंभ आईबापांसारखा मुळीच दिसत नाही. तो पानासारखा चपटा आणि काचेसारखा पारदर्शक असतो. त्याला 'लेप्टोसेफॅलस' म्हणतात. सर्वच वाम माशांचे डिंभ असे असतात आणि त्यांनी शास्त्रज्ञांना चांगलेच चकवले होते. युरोपातील वामाचा डिंभ १८५६ साली काउप यांनी पाहिला आणि ही वेगळीच जात आहे असे समजून तिला वेगळे नाव दिले. पुढे ग्रासी आणि कालान्द्रुच्चो या दोन इटालियन शास्त्रज्ञांनी असे डिंभ पाण्यात ठेवून त्यांच्यावर नजर ठेवली. त्यांच्या डोळ्यांदेखत पानाचा वाम झाला! १८९६ साली त्यांनी हे जाहीर केले. नवे नाव देणे सोपे असते, पण धीर धरून पाहत राहणे अवघड.

आपल्या माशाचे डिंभही असेच समुद्रात वाहत राहतात. पुढे रूप पालटून ते तळाशी उतरतात आणि वाळूत शेपटी रोवतात. आयुष्यातला मोठा प्रवास असा बालपणीच संपतो.

पाहणारा दिसला की दृश्य संपले

आता आपल्या दुसऱ्या प्रश्नाकडे वळू. सुरुवातीला तुम्ही कुरणाकडे पोहत गेलात आणि कुरण नाहीसे झाले. त्या वेळी तुम्ही वहीत काय लिहिले असते? 'येथे मासे नाहीत', असेच ना? ते चूक ठरले असते. 'हे मासे दिवसभर बिळात राहतात', असे लिहिले असते तर तेही चूक. तुम्ही जे पाहिलेत ते माशाचे रोजचे जीवन नव्हते. एक मोठा, बुडबुडे सोडणारा प्राणी अंगावर आल्यावर मासा काय करतो, तेवढेच तुम्ही पाहिलेत.

प्राण्यांचा अभ्यास करणाऱ्या प्रत्येकाला ही अडचण येते. पाहणाऱ्यामुळेच दृश्य बदलते. तांबड्या समुद्रात युजिनी क्लार्क या अमेरिकन संशोधिकेने आणि जर्मनीच्या हान्स फ्रिके यांनी गार्डन ईलच्या वस्त्यांचा अभ्यास केला, तो पाण्याखाली उतरून आणि चिकाटीने. तळाशी कॅमेरा ठेवून आपण दूर निघून जाणे, हा आणखी एक उपाय. कालव्यातल्या प्रयोगात माणसाऐवजी कॅमेरे पाहत होते, त्यातही हाच फायदा होता.

पण या गोष्टीला उलटी बाजूही आहे. ती २०२० साली टोकियोत दिसली.

तेथील सुमिदा मत्स्यालयात एका मोठ्या टाकीत तेव्हा सुमारे ३०० गार्डन ईल होते. रोज शेकडो माणसे काचेसमोरून जात, पण मासे बिळात पळत नसत. ते माणसांना सरावले होते. करोनाच्या साथीमुळे १ मार्च २०२० पासून मत्स्यालय बंद झाले. काही आठवड्यांनी कर्मचाऱ्यांच्या लक्षात आले, की ते स्वतः टाकीजवळून गेले तरी मासे वाळूत बुडी मारतात. मासे दिसलेच नाहीत, तर कोण आजारी आहे आणि कोण धडधाकट, हे कळणार कसे?

मग त्यांनी एक युक्ती योजली. टाकीभोवती काचेकडे तोंड करून पाच पडदे ठेवले आणि लोकांना आवाहन केले, की ३ ते ५ मे या दिवसांत दूरध्वनीवरून चित्रसंपर्क साधून माशांना आपला चेहरा दाखवा. हात हलवा, बोला, पण मोठ्याने ओरडू नका. माणसांनी मासे पाहायचे असतात. येथे माशांना माणसे दाखवण्यात आली!

'मासे माणसांना विसरले' अशा बातम्या त्या वेळी सर्वत्र आल्या. तुम्ही मात्र शास्त्राचे विद्यार्थी आहात. तुम्ही विचारले पाहिजे, की विसरले हे कशावरून? कदाचित त्या दिवसांत टाकीतील प्रकाश किंवा आवाज बदलले असतील. तुलनेसाठी, जिच्यासमोर माणसे येतच राहिली अशी दुसरी टाकी तेथे नव्हती. कर्मचाऱ्यांचे निरीक्षण मोलाचे आहे. 'विसरले' हे त्या निरीक्षणाचे एक संभाव्य स्पष्टीकरण आहे. ते खरे असू शकेल, पण निरीक्षण आणि स्पष्टीकरण या दोन गोष्टी वेगळ्या ठेवायला आपण शिकले पाहिजे.

करून पाहा

सरावणे म्हणजे काय, हे पाहण्यासाठी टोकियोला जाण्याची गरज नाही. पावसाळ्यात भिंतीवर किंवा बागेत गोगलगायी सापडतात. पाच-सहा गोगलगायी अलगद आणून ओलसर पाटीवर ठेवा आणि प्रत्येकीला क्रमांक द्या.

१. गोगलगाय शिंगे बाहेर काढून चालू लागेपर्यंत थांबा. मग गवताच्या काडीने एका शिंगाला हलकेच स्पर्श करा. शिंग आत जाईल. ते पुन्हा पूर्ण बाहेर येईपर्यंत किती सेकंद लागतात, ते घड्याळात पाहून लिहा.

२. शिंग बाहेर आल्यावर अर्धा मिनिट थांबून पुन्हा तसाच स्पर्श करा. असे दहा वेळा करा. स्पर्श दर वेळी सारख्याच जोराचा हवा.

३. दहा आकड्यांचा आलेख काढा. वेळ कमी कमी होत गेला, तर गोगलगाय स्पर्शाला सरावत आहे असे म्हणता येईल.

४. पण ती थकली नसेल कशावरून? ही शंका फेडण्यासाठी अकराव्या वेळी काडीऐवजी पाण्याचा एक थेंब अंगावर सोडा. ती पुन्हा पहिल्यासारखीच आत गेली, तर ती थकलेली नव्हती. काडी निरुपद्रवी आहे एवढेच तिने 'ओळखले' होते.

५. दोन तासांनी, आणि पुन्हा दुसऱ्या दिवशी, त्याच गोगलगायींवर हा प्रयोग करा. सरावलेले त्या विसरतात का? मधल्या काळात ज्यांना अजिबात स्पर्श केला नव्हता अशा दोन-तीन गोगलगायी तुलनेसाठी वेगळ्या ठेवायला विसरू नका. टोकियोत हेच नव्हते.

प्रयोग झाल्यावर गोगलगायी जेथून आणल्या तेथेच सोडा आणि साबणाने हात धुवा.

समुद्रकिनारी राहणाऱ्या विद्यार्थ्यांना आणखी एक निरीक्षण करता येईल. पुळणीवर खेकड्यांची बिळे असतात. तुम्ही चालत गेलात की खेकडे आत पळतात. बिळांपासून दहा पावलांवर अजिबात न हलता बसा. पहिला खेकडा किती मिनिटांनी बाहेर येतो? पाच पावलांवर बसले तर? उभे राहिले तर? प्रत्येक वेळ वहीत लिहा.

आणि वहीच्या पानावर सर्वांत वर आणखी एक गोष्ट लिहा. तुम्ही स्वतः कोठे होता, काय करत होता आणि किती वेळ शांत बसला होता. मालदीवजवळच्या त्या कुरणात जर कोणी असे लिहिले असते, की 'मी जवळ गेलो आणि मासे दिसेनासे झाले', तर ते वाक्य अगदी बरोबर ठरले असते. 'येथे मासे नाहीत' हे मात्र नव्हे.